रकाना

मेडिकलच्या सहा नंबरच्या खिडकीवर मी बसते.
नागपुरात मेडिकल म्हटलं की पुढे कॉलेज, रुग्णालय
असं काही जोडावं लागत नाही;
ऑटोवाला आपोआप जरा हळू चालवतो.

केसपेपरवर नाव, वय, गाव,
आणि मग तक्रार.
त्या रकान्यात माझ्या अक्षरात साडेचार शब्द मावतात.
पाचवा चिमटून लिहावा लागतो.

लोक रांगेत तासभर वाक्य घोकत असतात.
ओठ हलताना दिसतात मला.
काटोलहून, उमरेडहून, सावनेरच्या पहिल्या एसटीनं
डब्यातल्या वरणासारखं जपून आणलेलं वाक्य
नेमकं खिडकीशी येऊन सांडतं.
"कसंतरी होऊन राहिलं, मॅडम."
कसंतरी म्हणजे कसं?
"आता कसं सांगू?"

मी मदत करते. मागून रांग ढकलत असते.
ठणकतं? सलतं? टोचतं? कळ येते की चमक?
ठसठस, रवरव, भगभग?
दुखण्यासाठी एवढे शब्द आहेत आपल्याकडे
की वाटतं, सुखात कुणी फारसं बोललंच नसावं.
माणूस एकेक ऐकतो,
दुसऱ्याच्या मापाची चप्पल पायात घालून पाहावी तसा,
आणि शेवटी मला वाईट वाटू नये म्हणून
एक घेतो.
"ठणकते लिहा."

मी मूळ वेलतूरची.
पाचवीत उभी राहून म्हणाले होते, "सर, मले येते."
वर्ग हसला.
सर हसले नाहीत, नुसतं म्हणाले, "मला."
तेव्हापासून माझं प्रत्येक वाक्य
बाहेर पडण्याआधी कपडे बदलतं.
ते आवरून दारात येईस्तोवर
पाहुणे निघून गेलेले असतात.
आईच्या तेराव्याला सगळे बोलले.
मी कप मोजले. बावीस होते.

मग एका मंगळवारी
शालिक निनावे, वय त्रेसष्ट, गोलीबार चौक.
तो काही घोकत नव्हता.
कुठं दुखतं? छातीवर हात ठेवला,
मग काढून घेतला, घर चुकल्यासारखा.
ठणकतं? नाही. टोचतं? नाही.
एकही चप्पल त्याला झाली नाही.
"चाल ना बाप्पा लवकर!" मागचा ओरडला.
त्यानं उजवा हात हवेतून डावीकडे नेला, डावा उजवीकडे,
तोंडानं खट् खट् केलं,
आणि म्हणाला,
"तागा तुटते ना मॅडम,
आन् आपल्याले पत्ता नसते.
धोटा चालूच राह्यते.
कपडा होते. पण तिथून पुढं
त्याच्यात एक रेघ रिकामी येते.
तसं."

कधीपासून?
"माग भंगारात देल्ला तवापासून."

रांग काही गप्प झाली नाही.
कुणीतरी खोकलं, कुणाचं तरी पोर रडलं,
पंखा त्याच्या त्याच्या चालीनं कुरकुरत होता.
मी लिहिलं: छातीत दुखणे, दोन महिने.
चारच शब्द झाले.
अर्ध्याची जागा उरली
आणि पहिल्यांदाच मला ती दिसली.

तीन आठवड्यांनी तो परत आला,
काखेत तपासण्यांची पिशवी, अंगात इस्त्रीचा शर्ट.
मी विचारलं,
आणि वाक्य होतं तसंच निघालं, घरच्या कपड्यात,
"तागा कसा हाये, बाबा?"

तो आधी मागे वळून पाहू लागला,
दुसऱ्या कुणाला विचारलं की काय म्हणून.
मग खिडकीच्या जाळीला बोटं लावून म्हणाला,
"गाठ मारली.
पण हाताले लागते."

मी पेन उचललं. रकाना तेवढाच होता.
मागच्या बाईनं विचारलं,
"तुमचे कोणी लागते का हे?"
मी तिचं नाव विचारलं.